सिकलसेलचे दुखणे कागदावर येऊ द्या

प्रति,
मा. मंत्री, सार्वजनिक आरोग्य व कुटुंब कल्याण,
महाराष्ट्र राज्य, मंत्रालय, मुंबई

विषय : सिकलसेल रुग्णांच्या डिस्चार्ज कार्डावर व मृत्यूच्या प्रमाणपत्रावर गुंतागुंतीसह निदान आणि कोड नोंदवण्याबाबत

महोदय,

मी मेडिकल कोडर आहे. अमेरिकेतल्या रुग्णालयांत भरती झालेल्या रुग्णांचे चार्ट पुण्यात बसून वाचायचे आणि डॉक्टरांनी लिहिलेल्या प्रत्येक निदानाला आयसीडी-१० या आजारांच्या आंतरराष्ट्रीय वर्गीकरणातला नेमका कोड द्यायचा, हे माझे रोजचे काम. मगरपट्टा, खराडी, हडपसर या पट्ट्यातल्या कंपन्यांत बी.फार्म., बीएचएमएस, फिजिओथेरपी शिकलेली शेकडो मराठी मुले-मुली याच कामावर घर चालवतात. राहायला मी मांजरी बुद्रुकला, माहेर भंडारा जिल्ह्यात. सिकलसेल मला नोकरीत नव्याने कळला नाही, तो माहेरच्या गावात लहानपणापासून पाहिलेला. नोकरीत कळले ते एवढेच, की हा आजार कागदावर कसा लिहायचा असतो. आपल्या राज्यात तो तसा लिहिला जात नाही, म्हणून हे पत्र.

आजार आपल्याला ठाऊक आहे, पण हे पत्र इतरही वाचतील म्हणून थोडक्यात सांगते. हिमोग्लोबिनच्या बीटा साखळीत सहाव्या जागी ग्लुटामिक ॲसिडऐवजी व्हॅलिन बसते. बदल एवढाच. पण त्यामुळे प्राणवायू कमी पडला की लाल पेशी विळ्यासारख्या वाकतात, ताठ होतात, बारीक रक्तवाहिन्यांत अडकतात आणि लवकर फुटतात. आई-बाप दोघांकडून हा जनुक आला तर मूल 'एसएस', म्हणजे रुग्ण. एकाकडूनच आला तर 'एएस', म्हणजे वाहक, आणि वाहकाला सहसा काही त्रास होत नाही. रुग्णाचे मात्र तसे नाही. रक्त अडकेल तिथे दुखणे. हाडात अडकले की माणूस रात्रभर ओरडतो. फुप्फुसात, मेंदूत, पाणथरीत अडकले की जिवावर बेतते.

आता हे आम्ही कसे लिहितो ते पाहा. सिकलसेलचा चार्ट समोर आला की नुसते 'सिकलसेल' लिहून चालत नाही. या आजाराचा गट डी ५७. एसएस रुग्ण आहे, पण या वेळी क्रायसिस, म्हणजे रक्त अडकून उठलेली तीव्र गुंतागुंत, नाही, तर डी ५७.१. फक्त वाहक असेल तर डी ५७.३. क्रायसिस असेल तर तो कसला, हे विचारावेच लागते. फुप्फुसात पेशी अडकून ॲक्यूट चेस्ट सिंड्रोम झाला असेल तर डी ५७.०१. पाणथरीत एकाएकी रक्त साठून हिमोग्लोबिन कोसळले असेल तर डी ५७.०२. मेंदूच्या रक्तवाहिनीवर परिणाम झाला असेल तर डी ५७.०३, हा कोड ऑक्टोबर २०२० मध्ये आला. तान्ह्या बाळाचे हात-पाय सुजून आले असतील तर डी ५७.०४, तो ऑक्टोबर २०२३ मध्ये वाढवला. एका बाजूने सिकलचा आणि दुसऱ्या बाजूने थॅलेसेमियाचा जनुक आला असेल तर डी ५७.४ हा वेगळाच उपगट, आणि त्यातही बीटा-शून्य की बीटा-प्लस हे नक्की करायचे. डॉक्टरांनी 'सिकलसेल, छातीत दुखते, ताप' एवढेच लिहिले असेल आणि एक्स-रेच्या अहवालात नवा डाग नोंदलेला असेल, तरी मी माझ्या मनाने चेस्ट सिंड्रोम ठरवू शकत नाही. डॉक्टरांना लेखी विचारणा जाते. तिला आम्ही क्वेरी म्हणतो. तिचे उत्तर येईपर्यंत चार्ट पुढे सरकत नाही. कागदावर नाही ते आमच्या लेखी नाही.

अमेरिकेत हे इतके काटेकोर का, हेही स्पष्ट सांगते. रुग्णालयाला विमा कंपनीकडून किंवा सरकारकडून पैसे मिळतात ते कोडवरून. आजार जितका गंभीर नोंदला जाईल तितकी रक्कम वाढते, आणि खोटे नोंदले तर दंड होतो. तेव्हा त्या देशाच्या माणुसकीचे गोडवे गाण्यासाठी मी हे लिहीत नाही. तिथे सिकलसेलचे रुग्ण बहुतांशी कृष्णवर्णीय आहेत आणि त्यांच्या वेदनेवर विश्वास न ठेवल्याच्या तक्रारी तिथेही जुन्याच आहेत. पण पैशासाठी का होईना, रुग्णाला काय झाले ते लिहिले जाते आणि मोजता येते. आपल्या सरकारी दवाखान्यांत कोडवर पैसे अवलंबून नाहीत. त्यामुळे कोड लिहिण्याची कुणाला निकड नाही. ती निकड शासनाच्या आदेशानेच येईल.

हा आदेश पुण्यालाही का हवा, ते मी राहते त्या मांजरीवरून सांगते. मांजरी आता बरीच बदलली आहे. द्राक्षाच्या आणि उसाच्या रानांत टॉवर उभे राहिले, जून २०२१ मध्ये मांजरी बुद्रुक पुणे महापालिकेत गेली. हे टॉवर बांधायला, त्यांच्या गेटवर उभे राहायला, गोडाऊनमध्ये माल चढवायला जी माणसे आली त्यांत विदर्भातली आणि नंदुरबारकडची पुष्कळ आहेत. येताना ती आपला आजारही घेऊन आली. सिकलसेल हा गडचिरोली-गोंदियाचा प्रश्न, असे मुंबई-पुण्यात अजून समजले जाते. तो केव्हाच पुण्याच्या ओपीडीत येऊन बसला आहे. आणि तो केवळ आदिवासींचाही नाही. भिल्ल, पावरा, गोंड, माडिया यांच्यात तो आहे तसा विदर्भातल्या अनुसूचित जातींत आणि इतर मागासवर्गीय समाजांतही आहे. पुण्यातल्या डॉक्टरांना हे शिकवले जात असेलही, पण रोजच्या पाहण्यात नसल्यामुळे ते चटकन लक्षात येत नाही.

मागच्या पावसाळ्यात आमच्या सोसायटीमागच्या वस्तीतली एक बाई माझ्याकडे आली. मी भंडाऱ्याची आणि 'दवाखान्याचे काम' करते, एवढे तिला कुणीतरी सांगितले होते. तिच्या हातात मुलाचे कागद भरलेली एक कॅरीबॅग. मुलगा विशीतला, गोडाऊनमध्ये कामाला. बॅगेत सगळ्यात खाली गावाकडच्या आरोग्य केंद्राने दिलेले सिकलसेल रुग्णाचे लाल कार्ड होते, घड्यांवर फाटलेले. त्यात गुंडाळलेला नागपूरचा इलेक्ट्रोफोरेसिसचा जुना अहवाल : एसएस पॅटर्न. आणि वर पुण्यातल्या वेगवेगळ्या दवाखान्यांची तीन डिस्चार्ज कार्डे. पहिल्यावर निदान : ताप, रक्तक्षय. दुसऱ्यावर : अंगदुखी. तिसऱ्यावर : खालच्या श्वसनमार्गाचा संसर्ग, तीव्र रक्तक्षय. या तिसऱ्या वेळी मुलाला ऑक्सिजन लागला होता आणि रक्ताच्या दोन बाटल्या चढवल्या होत्या. घरी पाठवताना लोहाच्या गोळ्या लिहून दिल्या होत्या. सिकलसेल हा शब्द तिन्ही कार्डांत मिळून एकदाच आला होता, तोही 'पूर्वीचे आजार' या ओळीत, चुकीच्या स्पेलिंगने.

मी तिला विचारले, ताप किती दिवस होता? ती म्हणाली, "ताप त नंतर आला, ताई. आधी हाडंच दुखून राहिली होती त्याची. मी सांगतलं त्यायले, पण कागदावर ताप लिवला."

सवयीने मी त्या कार्डांवरून मनातल्या मनात कोड लावले. आर ५०.९, म्हणजे ताप, कारण अस्पष्ट. एम ७९.१, स्नायूदुखी. जे २२, खालच्या श्वसनमार्गाचा तीव्र संसर्ग. डी ६४.९, रक्तक्षय, प्रकार अस्पष्ट. डी ५७ मुख्य निदान म्हणून एकदाही नाही. जन्मापासून ज्या आजाराने त्या मुलाला पछाडले आहे, तो आजारच त्याच्या फायलीत निदानाच्या ओळीत नाही. त्या तिसऱ्या खेपेला त्याला ॲक्यूट चेस्ट सिंड्रोम झाला होता का, हे मी सांगू शकत नाही. सांगण्याचा अधिकारही मला नाही. अमेरिकेतला चार्ट असता तर मी डॉक्टरांना क्वेरी पाठवली असती. इथे कुणाला पाठवणार?

त्या डॉक्टरांना मी दोष देत नाही. रात्रपाळीचा रेसिडेंट समोरचा ताप उतरवतो आणि ताप लिहितो. पण याचे परिणाम त्या मुलाला भोगावे लागतात. हायड्रॉक्सीयुरिया हे या आजारातले मुख्य औषध. ते सुरू करताना वर्षभरात क्रायसिस किती वेळा आला, हा प्रश्न डॉक्टर विचारतातच. कार्डांवर एकही क्रायसिस नसेल तर उत्तर काय द्यायचे? दिव्यांग हक्क कायदा २०१६ मध्ये सिकलसेल २१ दिव्यांगत्वांच्या यादीत आहे. प्रमाणपत्रासाठी गेलात तर आजाराने शरीराचे काय नुकसान झाले त्याचे कागद लागतात. खासगी विम्याच्या दाव्याचा जो भाग रुग्णालयाने भरायचा असतो त्यात मुख्य निदान, इतर निदान आणि सहव्याधी यांच्यापुढे आयसीडी-१० कोडसाठी चौकटी छापलेल्याच असतात. तिथे 'ताप' एवढेच भरले जाते. आणि पुढच्या दवाखान्यात नवा डॉक्टर आधीचे डिस्चार्ज कार्ड बघतो, लाल कार्ड नाही. त्यावर रक्तक्षय वाचून तो पुन्हा लोह देतो. या रुग्णाचे रक्त कमी असते ते पेशी फुटतात म्हणून. वारंवार रक्त चढवलेल्या शरीरात लोह आधीच साठत असते.

आपला कारभार मोठ्या आकड्यांवर चालतो, तेव्हा त्याकडेही वळते. राष्ट्रीय सिकलसेल ॲनिमिया निर्मूलन मिशन १ जुलै २०२३ रोजी मध्य प्रदेशातल्या शहडोलमध्ये सुरू झाले. १७ राज्यांत ४० वर्षांपर्यंतच्या ७ कोटी लोकांची तपासणी आणि २०४७ पर्यंत निर्मूलन, हे त्याचे उद्दिष्ट. देशात सहा कोटींहून अधिक तपासण्या झाल्या आणि दोन लाखांहून अधिक रुग्ण सापडले. हे काम मोठे आहे आणि आशाताईंपासून लॅब टेक्निशियनपर्यंत ज्यांनी ते केले त्यांचे ऋण मानले पाहिजे. पण सापडलेल्या रुग्णाचे पुढे काय झाले? किती जणांना चेस्ट सिंड्रोम झाला, किती मुलांना पक्षाघात झाला, किती तरुणांचे खुब्याचे हाड रक्ताअभावी मेले, किती बायका बाळंतपणात दगावल्या? याचे उत्तर तपासणी शिबिरातून येत नाही. ते भरतीच्या कागदातूनच यायला हवे, आणि तिथे तर 'ताप' लिहिलेला आहे.

सगळ्यात वाईट अवस्था मृत्यूच्या नोंदीची. देशात २०२० साली नोंदल्या गेलेल्या मृत्यूंपैकी २२.५ टक्क्यांनाच डॉक्टरांनी प्रमाणित केलेले कारण होते. रुग्णालयातल्या मृत्यूसाठी नमुना ४ भरावा लागतो. त्याच्या पहिल्या भागात तीन ओळी असतात : अ मध्ये तत्काळ कारण, ब मध्ये त्यामागचे, आणि क मध्ये ज्या आजारापासून ही साखळी सुरू झाली ते मूळ कारण. सांख्यिकीत मोजले जाते ते मूळ कारण. हृदय बंद पडणे हा मृत्यूचा प्रकार झाला, तो कारण म्हणून लिहू नये, अशी सूचना फॉर्मवरच असते. तरीही 'कार्डिओ-रेस्पिरेटरी अरेस्ट' हे शब्द आपल्या दवाखान्यांत किती सहज लिहिले जातात, हे कुठल्याही मेडिकल रेकॉर्ड विभागात बसलेला माणूस सांगेल. सिकलसेलचा रुग्ण चेस्ट सिंड्रोमने गेला तर अ मध्ये श्वसन निकामी होणे, ब मध्ये ॲक्यूट चेस्ट सिंड्रोम, क मध्ये सिकलसेल आजार एसएस, असे लिहायला हवे. अ मध्ये कार्डिॲक अरेस्ट, ब मध्ये न्यूमोनिया आणि क रिकामे, असे लिहिले की तो मृत्यू जे १८ मध्ये, न्यूमोनियात जमा होतो. पाणथरीत रक्त साठून काही तासांत गेलेले मूल 'रक्तक्षय' या नावाने मोजले जाते. बाळंतीण गेली तर ओ ९९.०, म्हणजे गरोदरपणातला रक्तक्षय, हा कोड पडतो. त्यात सिकलसेल आणि साधा रक्तक्षय एकाच खात्यात जातात, आणि जोडीला डी ५७ लिहिल्याशिवाय ती बाई सिकलसेलने गेली हे कुणालाच कळत नाही. मग एखाद्या वर्षी सिकलसेलचे मृत्यू नगण्य आहेत असे उत्तर सभागृहात दिले गेले, तर ते कागदानुसार खरे असेल.

या आजाराची पहिली नोंदच अशा मृत्यूशी जोडलेली आहे. १९१० मध्ये शिकागोच्या डॉ. जेम्स हेरिक यांनी विळ्याच्या आकाराच्या पेशींचे वर्णन प्रसिद्ध केले. त्यांचा रुग्ण वॉल्टर क्लेमेंट नोएल, ग्रेनाडा बेटावरून दंतवैद्यक शिकायला आलेला तरुण. शिकून तो मायदेशी परतला, दवाखाना थाटला आणि १९१६ मध्ये ३२ वर्षांचा असताना न्यूमोनियाने गेला. ती नोंद आज माझ्यासमोर आली तर मी पहिल्यांदा क्वेरी पाठवीन. तेव्हा आजाराला धड नावही नव्हते, त्यामुळे त्या डॉक्टरांना दुसरे काही लिहिता येणे शक्य नव्हते. आपल्याकडे १९५२ मध्ये निलगिरीतल्या आदिवासींत सिकलसेलचा जनुक दिसला. १९५८ मध्ये शुक्ला आणि सोलंकी यांनी नागपूरहून तो 'लॅन्सेट'मध्ये नोंदवला. १९८० च्या दशकात डॉ. अभय आणि डॉ. राणी बंग यांनी गडचिरोलीत त्याचे सर्वेक्षण केले. चंद्रपूरला आयसीएमआरचे हिमोग्लोबिनच्या आजारांसाठीचे केंद्र आहे. माहिती नसल्याची सबब महाराष्ट्राला देता येत नाही.

एक अडचण खरी आहे आणि ती लपवत नाही. मी वर दिलेले डी ५७.०१, ०२, ०३, ०४ हे कोड अमेरिकेच्या विस्तारित आवृत्तीतले आहेत. भारतात वापरली जाते ती जागतिक आरोग्य संघटनेची मूळ आयसीडी-१०. तिच्यात क्रायसिसचा एकच कोड आहे, डी ५७.०. छाती, मेंदू, पाणथरी सगळे त्याच एका कोडमध्ये. पण म्हणून हात टेकायचे कारण नाही. मूळ आवृत्तीत दोन कोड जोडून लिहिण्याची सोय आहे. खुब्याचे हाड मेले असेल तर डी ५७ सोबत एम ९०.४, तो हिमोग्लोबिनच्या आजारांमुळे झालेल्या अस्थिनाशासाठीच ठेवलेला कोड आहे. पक्षाघाताला आय ६३, पित्ताशयातल्या खड्यांना के ८०, पायावरच्या न भरणाऱ्या जखमेला एल ९७, लोह साठण्याला ई ८३.१. चेस्ट सिंड्रोम आणि पाणथरीत रक्त साठणे यांना तिथे स्वतंत्र जागा नाही. त्यासाठी राज्याने डी ५७.० ला आपला एक जादा आकडा जोडावा. जर्मनीने, ऑस्ट्रेलियाने आपापल्या गरजेप्रमाणे अशा आवृत्त्या केल्याच आहेत. आपल्याला अख्खी आवृत्ती नको, एका पानात मावेल एवढी यादी पुरे. पुढे-मागे देश आयसीडी-११ वर जाईल. तिथे सिकलसेल ३ए५१ मध्ये आहे आणि मुख्य कोडला गुंतागुंतीचे कोड जोडणे हा त्या आवृत्तीचा पायाच आहे. आता हात बसला तर तेव्हा जड जाणार नाही. शिवाय वैद्यकीय परिभाषेचे भारतातले राष्ट्रीय केंद्र पुण्यातच, सी-डॅकमध्ये आहे. स्नोमेड सीटी या शब्दसंग्रहाचे भारतातले काम तिथूनच चालते. ही एका पानाची यादी संगणकात बसवून द्यायला राज्याबाहेर जावे लागणार नाही.

मांजरीत राहणारी म्हणून आणखी एक गोष्ट मला आपल्या नजरेस आणायची आहे. याच हडपसर-मांजरी भागातल्या सीरम इन्स्टिट्यूटने डिसेंबर २०२० मध्ये न्यूमोसिल ही न्यूमोकोकसची लस आणली. सिकलसेलमध्ये पाणथरी लहानपणीच निकामी होत जाते आणि न्यूमोकोकसचा जंतू अशा मुलांच्या जिवावर उठतो. म्हणून या रुग्णांना ही लस इतरांपेक्षा जास्त गरजेची. बाळांच्या नियमित लसीकरणात ती आता आहे, पण त्याआधी जन्मलेल्या मुलांचे आणि मोठ्यांचे काय? त्यांना लसीसाठी बोलावायचे तर ते कोण आहेत हे दवाखान्याच्या नोंदीत दिसायला हवे. आणि नोव्हेंबर २०२५ मध्ये दिल्लीच्या आयजीआयबी या संस्थेने क्रिस्पर तंत्राने विकसित केलेली सिकलसेलवरची जनुकीय उपचारपद्धती 'बिरसा १०१' या नावाने जाहीर झाली, आणि तिच्या पुढच्या कामासाठी सीरम इन्स्टिट्यूटशीच करार झाला. अमेरिकेत डिसेंबर २०२३ मध्ये सिकलसेलवरच्या दोन जनुकीय उपचारांना मान्यता मिळाली तेव्हा ते कुणाला द्यायचे याची मुख्य कसोटी ठरली ती वारंवार येणाऱ्या क्रायसिसची. उद्या हा उपचार आपल्याकडे रुग्णांपर्यंत आला तर आधी कुणाला द्यायचा, हे कशावरून ठरवणार? माझ्याकडे आलेल्या त्या मुलाच्या कागदांवर एकही क्रायसिस नाही. लस जिथे बनते आणि जनुकीय उपचाराचे पुढचे काम जिथे सोपवले आहे तिथून थोड्या अंतरावर राहणारा हा मुलगा रांगेत उभाच राहू शकणार नाही.

माझी मागणी अशी आहे. सार्वजनिक आरोग्य, वैद्यकीय शिक्षण आणि नगरविकास या तिन्ही विभागांचा एकच शासन निर्णय निघावा. कारण जिल्हा रुग्णालय आपल्याकडे, ससून दुसऱ्या विभागाकडे आणि महापालिकेचे दवाखाने तिसरीकडे, आणि रुग्ण तर तिन्हीकडे जातो. एसएस किंवा सिकल-थॅलेसेमियाचा रुग्ण भरती झाला की डिस्चार्ज कार्डावर पहिल्या ओळीत आजार, दुसऱ्या ओळीत या वेळची गुंतागुंत आणि दोन्हींचे कोड, हे सक्तीचे व्हावे. गुंतागुंत नसेल तर 'क्रायसिस नाही' असे लिहावे. जागा रिकामी ठेवू नये. महात्मा जोतिराव फुले जनआरोग्य योजनेत सामील असलेल्या खासगी रुग्णालयांनाही हे लागू करावे, कारण पुण्यात येणारा मजूर बहुतेक वेळा जवळच्या खासगी दवाखान्यातच पोचतो. केसपेपरवर निदान अर्धवट असेल तर मेडिकल रेकॉर्ड विभागाच्या कर्मचाऱ्याला डॉक्टरांना लेखी विचारण्याचा अधिकार द्यावा. कनिष्ठ कर्मचाऱ्याने डॉक्टरला प्रश्न विचारणे आपल्याकडे रुचत नाही, म्हणून हे आदेशात शब्दशः लिहिलेले हवे.

एक काळजीही घ्यावी लागेल. वाहक आणि रुग्ण यांचे कोड वेगळे आहेत ते वेगळेच राहिले पाहिजेत. डी ५७.३ च्या जागी डी ५७.१ पडला तर निरोगी मुलगी कागदावर आजारी होते. सिकलसेलचे नाव निघाले म्हणून मोडलेली लग्ने मी माहेरी पाहिली आहेत; त्या भीतीने लोक रुग्णाची लाल आणि वाहकाची पिवळी कार्डे ट्रंकेच्या तळाशी ठेवतात. म्हणून कोड उपचार करणाऱ्याला आणि मोजणी करणाऱ्याला दिसावा. मालकाला, गावाला, सोयऱ्यांना तो दिसू नये. वाहक आहे एवढ्यावरून कुणाला नोकरी किंवा विमा नाकारता येणार नाही, हे त्याच निर्णयात असावे. ही हमी नसेल तर लोक लाल कार्ड दाखवणार नाहीत, आणि ते वागणे चूक म्हणता येणार नाही.

शेवटची मागणी मागच्या काळाबद्दल आहे. राज्याकडे लाल कार्डधारकांच्या याद्या आहेत आणि मृत्यूच्या नोंदीही आहेत. गेल्या पाच वर्षांत त्या याद्यांतली कोण माणसे गेली, त्यांच्या नमुना ४ मध्ये क च्या ओळीत काय लिहिले होते आणि ती ओळ रिकामी का राहिली, हे किमान गडचिरोली, चंद्रपूर, गोंदिया, भंडारा आणि नंदुरबार या पाच जिल्ह्यांत तपासून घ्यावे आणि निष्कर्ष लोकांपुढे ठेवावेत. केसपेपर वाचायला माणसे कमी पडतील, हे मी जाणते. पुण्यात आमच्यासारखे कोडर आहेत. सुटीच्या दिवशी बसून हे कागद वाचायला, आणि जिल्हा रुग्णालयांतल्या रेकॉर्ड विभागाला शिकवायला, माझ्या ओळखीतले कितीतरी जण तयार आहेत, मीही आहे. आपल्या कार्यालयाकडून पत्र आले की आम्ही कामाला लागू.

आपली,
एक मेडिकल कोडर
मांजरी बुद्रुक, पुणे